दारातला बेडूक

मराठी विभागासाठी काहीतरी लिहून दे, असं संपादिकाबाईंनी मला तीन वेळा सांगितलं. पहिल्यांदा मी हसले. दुसऱ्यांदा सबमिशनचं कारण दिलं. तिसऱ्यांदा त्या सरळ आमच्या खोलीत येऊन माझ्या पलंगावर बसल्या आणि माझी मॅगी खाऊ लागल्या. त्यांची एकच अट होती : 'पाऊस' आणि 'मैत्री' या विषयांवर नको, ते प्रत्येकी पंधरा-वीस आलेत. मी कॉन्व्हेंटमध्ये शिकलेली. मराठी आम्हाला तिसरी भाषा म्हणून होती आणि शाळेच्या आवारात ती बोलली तर डायरीत शेरा मिळायचा. तेव्हा ऱ्हस्व-दीर्घ तपासून घेतलेत, तरी राहिलेले माझे समजून सोडून द्या. विषय एका पोर्तुगीज मुलीचा आहे. आणि बेडकांचा.

आपल्या फिल्म क्लबचं कसं चालतं ते तुम्हाला माहीतच आहे. सर मोठ्या उत्साहाने तीन तासांचा काहीतरी जपानी सिनेमा लावतात, मध्यंतराला मेसची वेळ होते आणि नंतर सभागृहात सर, प्रोजेक्टरवाला दादा आणि झोपलेली चार मुलं उरतात. म्हणून मागच्या सेमिस्टरमध्ये सरांनी युक्ती काढली. फक्त लघुपट दाखवायचे. त्यातला एक होता अकरा मिनिटांचा. नाव 'बालादा द उम बात्राकियु'. सरांनी त्याचं भाषांतर 'एका बेडकाचा पोवाडा' असं केलं आणि मागच्या रांगेतून लगेच 'जी जी रं जी' सुरू झालं. दिग्दर्शिका लिओनोर तेलेश. पोर्तुगालची, जन्म १९९२.

अकरा मिनिटांत काय होतं? चित्र जुन्या घरगुती फिल्मसारखं दाणेदार. एखादी लोककथा सांगावी तसा निवेदनाचा सूर. आणि मग दिसतात ते दुकानांतले, हॉटेलांतले चिनी मातीचे हिरवे बेडूक. छान, गुबगुबीत, चकचकीत. आपल्याकडे शोकेसमध्ये ठेवतात तसे. एक तरुण मुलगी दुकानात शिरते, बेडूक उचलते, जमिनीवर आपटते आणि पळत सुटते. मग दुसरं दुकान. दुसरा बेडूक. फाट्! मग तिसरा. ती मुलगी म्हणजे खुद्द दिग्दर्शिका. सभागृहात आधी हशा, मग टाळ्या, मग शिट्ट्या. आमच्या मेकॅनिकलच्या पोरांना काहीही फुटलं की आनंदच होतो.

दिवे लागल्यावर सरांनी ते बेडूक तिथे का ठेवतात ते सांगितलं. पोर्तुगालमधल्या रोमा लोकांत, ज्यांना तिथे 'सिगानु' म्हणतात आणि आपण जिप्सी म्हणतो त्यांच्यात, बेडूक अशुभ मानतात. तो दिसला की नको, त्या दारातून आत जायचं नको. हे तिथल्या दुकानदारांना ठाऊक आहे. म्हणून ते दारात, काउंटरवर, खिडकीत मातीचा बेडूक ठेवतात. कुठे पाटी नाही, कुणाला हाकलणं नाही, भांडण नाही. नुसता बेडूक. 'सिगानु लोकांनी आत येऊ नये' हे वाक्य त्या बेडकाने बोलायचं, आणि तेही फक्त ज्याला ते कळतं त्याच्याशी. बाकी तुम्ही-आम्ही टुरिस्ट म्हणून गेलो तर त्याच्यासोबत फोटो काढू! पोर्तुगाल म्हणजे मातीच्या वस्तूंचा देश. काल्दाश दा रायन्या नावाच्या गावात राफाएल बोर्दालु पिन्येरु या व्यंगचित्रकाराने १८८४ साली कारखाना काढला, तिथे कोबीच्या पानांच्या ताटल्या आणि बेडूक-सरड्यांच्या कलाकृती बनत. म्हणजे बेडूक घरात असणं तिथे नवलाचं नाही. त्यामुळे दुकानदाराला 'हे कशाला?' विचारलं तर तो 'शोभेला' म्हणून मोकळा.

मराठीत जिप्सी म्हटलं की एक तर पाडगावकरांचा १९५३चा कवितासंग्रह आठवतो, नाही तर मारुतीची जीप. दोन्हीकडे मस्त भटकणं आहे. प्रत्यक्षात या लोकांचं भटकणं बऱ्याचदा हाकलल्यामुळे झालं. पोर्तुगालच्या तिसऱ्या जोआंव राजाने १५२६ साली त्यांना देशात यायला बंदी करणारा हुकूम काढला. पुढे कित्येकांना आफ्रिका आणि ब्राझीलच्या वसाहतींत पाठवून दिलं. आणि ते मूळचे कुठले? इजिप्तचे असावेत अशी समजूत होती, त्यावरूनच इंग्रजीत जिप्सी शब्द आला. पण १७८२ साली रुडिगर नावाच्या जर्मन अभ्यासकाने त्यांची भाषा हिंदुस्थानीशी ताडून पाहिली आणि ती निघाली आपल्याकडची. रात्री मी रोमानी शब्दांची यादी काढून बसले तर अंगावर काटा आला. पाण्याला पानी. कानाला कान. नाकाला नक. डोळ्याला यख, म्हणजे संस्कृत अक्षि. माणसाला मनुष. सुरीला चुरी. दहाला देश आणि विसाला बिश. स्पेन-पोर्तुगालकडचे रोमा स्वतःला 'काले' म्हणवतात, म्हणजे काळे. आता त्यांच्या बोलण्यात यातले थोडेच शब्द उरलेत, बाकी भाषा तिथलीच. तरी पण... शेकडो वर्षं चालत गेलेले लोक, आणि स्वतःचं नाव सांगताना शब्द वापरतात तो आपल्या शेजारचा.

लिओनोर तेलेशचे वडील या समाजातले आणि आई बाहेरची. हे सरांनी शेवटी सांगितलं, आणि आधीच सांगायला हवं होतं. कारण ते कळल्यावर अख्खी फिल्म बदलते. समाजसेवा करायला निघालेली बाहेरची मुलगी नव्हे ती. ज्या बेडकाने तिच्या आजी-काकांना दाराबाहेर ठेवलं तोच ती हातात उचलते. पहिल्यांदा बघताना मी तिच्या फेकण्याकडे बघत होते. दुसऱ्यांदा तिच्या हाताकडे बघितलं. ज्याला भ्यायचं असं घराण्यात सांगितलंय, तो तिने हातात धरलाय.

२०१६च्या फेब्रुवारीत बर्लिनच्या महोत्सवात या अकरा मिनिटांना लघुपटांचं गोल्डन बेअर मिळालं. तेव्हा ती तेवीस वर्षांची होती, हे पारितोषिक मिळवणाऱ्यांत सगळ्यात लहान. त्याच वर्षी मोठ्या चित्रपटांचं गोल्डन बेअरसुद्धा माहितीपटालाच मिळालं, जानफ्रांको रोझी यांच्या 'फुओकोआम्मारे'ला. तेवीस म्हणजे आपल्याकडे एखाददुसरी केटी धरून बी.ई. संपवायचं वय. असो.

मेसमध्ये जायच्या वाटेवर कडाक्याचं भांडण झालं. आमच्या खोलीतली सिव्हिलवाली म्हणाली, "हे चूक आहे. त्या दुकानदाराचं नुकसान झालं ना? उद्या मला एखाद्याच्या दारातलं लिंबू-मिरची आवडलं नाही तर मी तोडू का?" कोल्हापूरची म्हणाली, "तोड की! मी येते." सिव्हिलवाली ऐकेना. तिचं म्हणणं असं की आधी जाऊन दुकानदाराशी बोलायला पाहिजे, समजावून सांगायला पाहिजे, तक्रार करायला पाहिजे, तो कायदेशीर मार्ग आहे. आणि मुळात बेडकाला भिणं हीच अंधश्रद्धा, ती आधी घालवा की. मुद्दा अगदीच वाईट नव्हता. मी म्हटलं, अंधश्रद्धा त्यांची असेल, पण तिचा फायदा तर हा शिकलेला दुकानदार घेतोय, मग त्याची कुठली श्रद्धा? शिवाय तक्रार करणार कशाची? "साहेब, याच्या दुकानात बेडूक आहे"?

आवाज चढले. जिन्यावर थांबून भांडत होतो. तेवढ्यात वरच्या मजल्यावरून एकीने डोकं बाहेर काढलं आणि ओरडली, "ए, काय कैकाडणींसारख्या भांडताय गं! उद्या इंटर्नल आहे!"

सगळ्या हसल्या. भांडण तिथेच संपलं. मीही हसले.

आता पुढचं लिहिताना मी दोन वेळा पेन खाली ठेवलंय.

माझी आजी कैकाडी आहे. म्हणजे माझे बाबा कैकाडी आहेत. म्हणजे मी पण. सोलापूरला जी सेटलमेंट होती, तिथे आजीचं माहेर. इंग्रजांनी १८७१ साली काही जमातीच्या जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरवणारा कायदा केला, तो पुढे वाढत वाढत आपल्याकडेही आला, आणि अशा लोकांना तारेच्या कुंपणात ठेवून रोज हजेरी घ्यायचे. आजीच्या आईने ती हजेरी दिलेली. देशभरातून तो कायदा १९५२ साली गेला. कुंपण गेलं, पण शब्द राहिला. कुणी जोरात बोललं, कुणी नळावर भांडलं, कुणाचे केस विस्कटलेले असले की हा शब्द मराठीत तयार असतो. चांगल्या घरातल्या आया वापरतात. बोलणाऱ्याच्या मनात काही नसतं, हे मला पक्कं ठाऊक आहे. वरच्या मजल्यावरची ती मुलगी मला आजारपणात डबा आणून देणारी आहे. तिच्या लेखी तो शोभेचा बेडूक. जिन्यावर आम्ही सहा-सात जणी होतो आणि तो वाचता येणारी मी एकटी.

आमचं आडनाव असं आहे की त्यावरून काही कळत नाही. बाबा बँकेत. आई दुसऱ्या समाजातली, दोघांचं लव्ह मॅरेज. घरात लक्ष्मण माने यांचं 'उपरा' आहे, पण कपाटात वर्तमानपत्राचं कव्हर घातलेलं. लहानपणी मला वाटायचं, बाबा पुस्तकं फार जपतात. मला कॉन्व्हेंटमध्ये घातलं तेही इंग्रजी यावं म्हणून तर होतंच, पण तिथे कोणी 'तुम्ही कुठले?' असं विचारत नाही म्हणूनही असावं. विचारलं तर सांगायचं, सोलापूरचे. एवढंच. जातीचा दाखला काढलेला आहे, व्हीजेमध्ये सीटही मिळाली असती, पण बाबा म्हणाले, तुला मार्क आहेत, ओपनमधून घे. तेव्हा मला त्यात अभिमान वाटला होता. आता कळतं की नोटीस बोर्डावर लागणाऱ्या यादीत नावापुढे काय छापलं जातं याचा त्यांनी विचार केला असणार. याद्या आपण सगळेच वाचतो, खोटं कशाला बोला.

(इथे एक खुलासा, नाहीतर कोणीतरी घोळ करेल. रोमा आणि कैकाडी यांचं नातं नाही. कैकाडी भाषा तमिळच्या कुळातली आहे, रोमानी उत्तरेकडची. तेव्हा 'आम्ही सगळे एकच' वगैरे मी म्हणत नाहीये.)

तर, त्या रात्री मी त्या बाईबद्दल वाचत बसले. बाई काय, माझ्याहून थोडीच मोठी होती ती तेव्हा. लिस्बनजवळच्या आमादोरा इथल्या नाट्य आणि चित्रपट महाविद्यालयात ती शिकली. तिथे असतानाच तिने 'रोमा आकांश' नावाची छोटी फिल्म केली होती. त्यात तिने विचारलेला प्रश्न असा : आपल्या वडिलांनी परंपरा मोडली नसती तर माझं आयुष्य कसं झालं असतं? आणि मग ती जाते जुन्या रीतीने राहणाऱ्या वस्तीतल्या एका रोमा मुलीकडे, जोआकिनाकडे, आणि तिच्याकडे बघून स्वतःला बघते. पहिली फिल्म कोणी कशावर करेल? आम्ही परवा टेक फेस्टसाठी केली ती हॉस्टेलच्या भुतावर होती. तिने सुरुवातच घरातल्या न बोललेल्या गोष्टीपासून केली. मला वाटतं बेडूक फोडायचं बळ तिला तिथून आलं असावं. आधी स्वतःला विचारून झालं, मग दुकानदाराकडे गेली.

पोर्तुगीज भाषेत एक वाक्प्रचार आहे, बेडूक गिळणे. म्हणजे अपमान मुकाट सहन करणे. आपण मूग गिळून गप्प बसतो, ते बेडूक गिळतात. दोन्ही पचायला जड, पण मूग निदान बारीक तरी असतात. मी जिन्यावर जे गिळलं ते मूग नव्हते.

तिची पद्धत मला काय म्हणून आवडली ते नीट सांगायचा प्रयत्न करते. आपल्याला वाटतं माहितीपट म्हणजे एक धीरगंभीर आवाज, नकाशा, चार तज्ज्ञ खुर्चीवर बसून बोलतात आणि शेवटी बासरी. तिच्यात तज्ज्ञ नाहीत. आकडे नाहीत. भेदभाव किती टक्के वगैरे काही नाही. जे चाललंय ते ती फक्त दाखवत नाही, त्यात हात घालते. कॅमेऱ्यामागे राहून 'मी फक्त साक्षीदार' असं म्हणायची सोय ती स्वतःला ठेवत नाही. आणि हे सगळं रडत नाही करत, खोडकरपणे करते. शेजाऱ्याची बेल वाजवून पळणाऱ्या पोरांसारखं. एक गंमत म्हणजे तिच्या फिल्म ज्या निर्मिती संस्थेने केल्या तिचं नाव 'उमा पेद्रा नु सापातु', म्हणजे बुटात गेलेला खडा. इतकं समर्पक नाव आपल्या कुठल्या टेक्निकल पेपर स्पर्धेलाही सुचलेलं नाही.

पण माझी खरी पंचाईत तिच्या पुढच्या फिल्मने केली. इतकं मोठं बक्षीस मिळाल्यावर ही आता आणखी काय काय फोडणार, अशा अपेक्षेने मी 'तेरा फ्रांका' बघायला घेतली. २०१८ची, पूर्ण लांबीची, पॅरिसच्या 'सिनेमा द्यु रेएल' या माहितीपटांच्या महोत्सवात दाखवलेली. पी.एल. सुरू होती, लॅपटॉप, इंग्रजी सबटायटल्स. पहिल्यांदा वीस मिनिटांत झोपले. दुसऱ्यांदाही. त्यात काहीच फुटत नाही! तिचं गाव व्हिला फ्रांका द शिरा, लिस्बनच्या वरच्या अंगाला टॅगस नदीकाठी. त्या गावचा एक कोळी आहे, आल्बेर्तिनु लोबु. अंगाने दांडगा, बोलायला कमी. तो नदीवर एकटा असतो, होडीत, आणि घरी आला की बायको-मुलींच्या गलक्यात. चारही ऋतूंत ती त्याच्यामागे कॅमेरा घेऊन आहे. मुलीचं लग्न ठरतं, त्याची तयारी चालते. बस. कोणी वाईट नाही, कोणी क्रांती करत नाही.

तिसऱ्यांदा मी ती रविवारी दुपारी बघितली, मेसमधली ती गोड जिलेबी खाऊन सुद्धा जागी राहिले, आणि मला ती कळली असं वाटलं. निदान थोडी. नदीवर असताना आल्बेर्तिनु किती वेळ नुसता असतो! कॅमेराही नुसता असतो. त्याला काही विचारत नाही. घरात शिरला की त्याला खुर्चीत कुठे बसावं ते कळत नाही, हातांचं काय करावं कळत नाही. आणि मला बाबा आठवले. सोलापूरला आजीकडे गेलं की बाबा असेच होतात. पुण्यात घरी ते मोठ्याने हसतात, सोसायटीच्या मीटिंगमध्ये भांडतात. आजीच्या ओसरीवर मात्र त्यांना एकदम वेगळा आवाज फुटतो, वेगळी भाषा येते, आणि मी आणि आई समोर आहोत हे लक्षात आलं की ती मध्येच थांबते. दोन काठांच्या मधला माणूस. कोणी त्यांच्यामागे वर्षभर कॅमेरा घेऊन नुसतं उभं राहिलं असतं तर काय दिसलं असतं, असं मला वाटून गेलं. आणि मी उभी राहिले नाही. मी तिथे गेले की मोबाईलला रेंज शोधत गच्चीवर जाते.

सिव्हिलवालीला मी हे सांगितलं तेव्हा (बाबांचं नाही, फिल्मचं) ती म्हणाली, "बघ, म्हणजे तिला पण कळलं की फोडून काही होत नाही." मला तसं वाटत नाही. फोडायचं तेव्हा तिने फोडलं. आल्बेर्तिनुच्या दारात बेडूक नव्हता, तिथे बसायचं होतं, तर ती बसली. एकाच माणसाला दोन्ही यायला हरकत काय? आम्हाला मात्र एका वेळी एकच जमतं. एक तर फेसाटी येईपर्यंत भांडायचं, नाहीतर काहीच नाही.

त्यानंतर ती कथाचित्रांकडे वळली. २०१९ची 'काइंश क लाद्रांव आउश पासारुश', म्हणजे 'पक्ष्यांवर भुंकणारे कुत्रे', ही पोर्तु शहरातल्या एका पोरगेल्या मुलाची गोष्ट, त्याचं शहर टुरिस्टांनी भरून चाललेलं. ती व्हेनिसला दाखवली गेली. कॅमेरा ती स्वतःही चालवते आणि दुसऱ्यांसाठीही. जोआंव कानिजु यांच्या 'माल व्हिव्हेर'चं छायाचित्रण तिचं, आणि त्या चित्रपटाला २०२३ साली बर्लिनमध्ये ज्युरीचं सिल्व्हर बेअर मिळालं. म्हणजे सात वर्षांनी ती पुन्हा त्याच गावात, यावेळी दुसऱ्याच्या सिनेमाची कॅमेरावाली म्हणून. मला हे फार आवडलं. आपल्याकडे एकदा गॅदरिंगमध्ये बेस्ट डिरेक्टर मिळालं की माणूस पुन्हा लाईट धरायला उभा राहत नाही. त्याच वर्षी तिचा पहिला लांब कथापट 'बान' लोकार्नोच्या मुख्य स्पर्धेत होता. बान हा थाई शब्द, अर्थ घर. लिस्बन आणि बँकॉक एकमेकांत मिसळलेली, आणि एक तरुण आर्किटेक्ट मुलगी. तो मी अजून पाहिलेला नाही. सरांना सांगून ठेवलंय. ते म्हणाले, लांबी दोन तासांच्या आत असेल तर बघू.

दिवाळीच्या सुट्टीत मी एकटी सोलापूरला गेले. बाबांना सांगून गेले, ते काही बोलले नाहीत, फक्त बसचं रिझर्वेशन स्वतः केलं. आजीचे हात आता दुखतात तरी ती विणते. पूर्वी शेतकऱ्यांसाठी धान्याच्या मोठ्या कणग्या विणायचे, आता कोणी घेत नाही, प्लॅस्टिकची पिंपं आली. टोपल्या तेवढ्या. मी मोबाईल तिच्यासमोर धरून बसले. पहिल्या दिवशी ती सारखी पदर सारखा करत होती आणि कॅमेऱ्याकडे बघून हसत होती. दुसऱ्या दिवशी विसरली. काडी ओली करते, दाताखाली धरते, वाकवते, पायाच्या अंगठ्याने दाबून धरते. त्या हालचालीला काही नाव असेल, मला ठाऊक नाही. पुढच्या वेळी विचारीन. तिला मी बेडकाची गोष्ट सांगितली, त्या देशात बेडूक ठेवून लोकांना बाहेर ठेवतात म्हणून. तिने मान वर न करताच विचारलं, "मग ते दुसऱ्या दुकानात जात नव्हते व्हय?" म्हटलं, सगळ्याच दुकानांत असेल तर? त्यावर आजी बराच वेळ विणत राहिली. मग म्हणाली, "आमाला तर बेडूक बी लागत न्हवता. बगूनच कळायचं त्यांना."

ते रेकॉर्ड झालंय. सेहेचाळीस मिनिटांचं आहे आणि त्यात चाळीस मिनिटं फक्त विणणं आहे. सिव्हिलवाली झोपेल.

येताना आजीने एक टोपली दिली. ती मी आमच्या खोलीच्या दाराशी ठेवलीय, आतल्या बाजूला, चपलांच्या शेजारी. कोल्हापूरची म्हणाली, "भारी आहे गं, कुठून घेतलीस? एफ. सी. रोड?" मी म्हटलं, आजीने विणली. ती म्हणाली, "आजीचा छंद?" आणि तेवढ्यात लाईट गेली आणि सगळ्या मेणबत्ती शोधायला लागलो. मी उत्तर द्यायचं राहिलंच.

हा लेख मी खोलीत कुणाला दाखवलेला नाही. फक्त संपादिकाबाईंनी वाचलाय. वाचून झाल्यावर त्या बऱ्याच वेळाने म्हणाल्या, नाव न घालता छापू का? मी नको म्हटलं. बाबांना मी फोनवर वाचून दाखवला, 'उपरा'च्या कव्हरपर्यंत. तिथे ते म्हणाले, बाकीचा अंक आला की पाठव.

टोपलीत सध्या आमच्या तिघींचे धुवायचे कपडे आहेत. शनिवारी माझी पाळी.